बोगदे मोजले, मग माणसं का नाही मोजली?

दरवर्षी १६ एप्रिल जवळ आली की तोच वाद नव्याने पेटतो. १८५३ साली बोरीबंदरहून ठाण्याला पहिली गाडी गेली त्याची चित्रं फिरायला लागतात आणि खाली दोन फळ्या पडतात. एक फळी म्हणते इंग्रज आले नसते तर आपण अजून बैलगाडीतच असतो. दुसरी म्हणते कसली दिली रेल्वे, कापूस न्यायला आणि पलटणी हलवायला बांधली, वर कंपनीच्या भागधारकांना पाच टक्के व्याजाची हमी आपल्याच करातून दिली. दुसरी फळी हिशोबाला पक्की आहे आणि त्या पाच टक्क्यांबद्दल तिचं म्हणणं खरंच आहे. पण दोन्हीकडचे लोक तासन्‌तास भांडत असतात आणि ज्याने डोंगर फोडला तो माणूस त्या भांडणात एकदाही येत नाही. पहिल्या फळीला तो नकोय कारण तो आला की "दिली" हे क्रियापद अडखळतं, आणि दुसऱ्या फळीलाही तो नकोयच, कारण त्याची मजुरी खाणारा शेवटचा हात बहुतेक वेळा आपल्याच मुकादमाचा होता.

माझं म्हणणं सरळ आहे. सुरुवातीच्या रेल्वे आणि कालव्यांवर किती मजूर मेले याचा नीट आकडा आज आपल्याकडे नाही, आणि त्याचं कारण जुना काळ, अडाणी लोकं, कागद नव्हते वगैरे सांगितलं जातं ते काही पटत नाही. तो आकडा न ठेवण्यात फायदा होता म्हणून तो ठेवला नाही. आणि ही सोय लावून देणारी जी साखळी होती, कंपनीखाली कॉन्ट्रॅक्टर, त्याच्याखाली पोटकॉन्ट्रॅक्टर, त्याच्याखाली मुकादम, ती आजही बऱ्यापैकी तशीच चालू आहे, त्यामुळे हा विषय इतिहासवाल्यांवर सोडून आपण मोकळं होणं काही खरं नाही.

भोर घाटाचंच, म्हणजे खंडाळ्याच्या घाटाचंच घ्या. पुणे-मुंबई गाडीने जाणारा प्रत्येक जण तिथले बोगदे मोजतो, लहानपणी तर हमखास. १८५६ ला काम सुरू झालं, १८६३ ला घाट खुला झाला. १५ मैलांच्या वर चढण, १,८३१ फुटांची उंची, २५ बोगदे, ८ मोठे व्हायाडक्ट म्हणजे दरीवरचे पूल, सगळ्यात खडा चढ ३७ फुटाला एक फूट असा. खडक आणि माती मिळून २० लाख ६७ हजार घनयार्डांच्या वर कटिंग. हे सगळं ही लाईन बांधणाऱ्या जीआयपी (ग्रेट इंडियन पेनिन्सुला) रेल्वेचा चीफ इंजिनिअर जेम्स बर्कलेने लिहून ठेवलंय, घनयार्डाच्या शेवटच्या आकड्यापर्यंत. कामावर सगळ्यात जास्त माणसं किती होती तेही लिहिलंय, १८६१ च्या जानेवारीत ४२ हजारांवर. म्हणजे जिवंत माणूस मोजला जात होता कारण त्याला मजुरी द्यायची होती आणि कॉन्ट्रॅक्टरला बिल लावायचं होतं. मेलेल्या माणसाचं बिल लागत नाही. किती मेले असतील याचे जे अंदाज सांगितले जातात ते वीस-पंचवीस हजारांच्या घरात जातात, त्यात सगळ्यात मोठा वाटा कॉलरा आणि तापाचा, आणि हे अंदाजच, रजिस्टर नाही. दगडाचा आकडा घनयार्डात आणि माणसांचा आकडा पाच हजार इकडे पाच हजार तिकडे. यावर अजून काय बोलायचं?

तरी "तेव्हा काळच तसा होता हो" हे ऐकायला मिळतंच, तर त्याचं आधी बघू, कारण सगळा बचाव त्या एका वाक्यावर उभा आहे.

इंग्लंडात मँचेस्टर ते शेफील्ड लाईनवर वुडहेड नावाचा बोगदा १८३९ ते १८४५ मध्ये खणला. ओसाड माळावर, पावसात, दगडाच्या कच्च्या झोपड्यांतून राहून हजार-दीड हजार माणसं काम करत होती. ३२ मेले, १४० जबर जखमी झाले, किरकोळ लागलेले वेगळेच. एडविन चॅडविक नावाचा माणूस, जो तिकडे सार्वजनिक आरोग्यासाठी भांडत होता, त्याने हिशोब मांडून दाखवला की या बोगद्यावर मजूर मरण्याचं प्रमाण वॉटर्लूच्या लढाईत सैनिक मरण्याच्या प्रमाणापेक्षा जास्त आहे. बोंबाबोंब झाली. १८४६ मध्ये पार्लमेंटची कमिटी बसली, रेल्वे मजुरांवर. तिच्यासमोर वुडहेडच्या कामावरचा एक इंजिनिअर, वेलिंग्टन पर्डन, साक्षीला आला. त्याला विचारलं की सुरुंगाला सेफ्टी फ्यूज का नाही वापरत, जीव वाचतील. तो म्हणाला की असेल जास्त सुरक्षित, पण वेळ फार जातो, आणि जे थोडे जास्तीचे जीव वाचतील त्यासाठी एवढा वेळ घालवावा असं मी सुचवणार नाही. हे कुठे दारूच्या टेबलावर बोललेलं नाहीये, पार्लमेंटच्या कमिटीपुढे ऑन रेकॉर्ड दिलेलं उत्तर आहे.

फ्यूजसारखीच दुसरी गोष्ट ठासणीची. खडकाला भोक पाडायचं, त्यात दारू भरायची, वर माती किंवा दगडाचा चुरा घालून दांड्याने ठासायचं. दांडा लोखंडाचा असेल तर खडकावर घासून ठिणगी पडते आणि बार तोंडावर उडतो. तांब्याचा असेल तर ठिणगी पडत नाही. पण तांबं मऊ आणि महाग. तेव्हा लोखंड. डोळे गेलेले, बोटं गेलेली, जबडा फाटलेली माणसं या एका फरकातून तयार झाली, आणि तो फरक त्या काळातल्या प्रत्येक इंजिनिअरला पाठ होता.

त्या कमिटीने शिफारशी काय केल्या? मजुरी वेळच्या वेळी आणि रोख द्या, कॉन्ट्रॅक्टरच्या दुकानाची चिठ्ठी देऊन महागडा, सडका माल गळ्यात मारू नका (महिना-महिना पगार अडकवायचा आणि तोवर उधारीवर त्याच दुकानातून खायला लावायचं ही तिकडची ठरलेली पद्धत होती), राहायची बरी सोय करा, आणि मुख्य म्हणजे अपघातात मजूर मेला किंवा लुळा झाला तर जबाबदारी कंपनीची. हे काही आकाशातून आणलेलं नव्हतं, फ्रान्समध्ये तेव्हा भरपाईचा कायदा होता आणि इंग्रज कॉन्ट्रॅक्टर तिथे जाऊन त्याच कायद्याखाली लाईन बांधून नफाही काढत होते. शिफारशी कागदावर राहिल्या. त्यांच्यावर धड चर्चाही झाली नाही, पार्लमेंटमध्ये रेल्वेचे शेअर असलेल्यांची काही कमी नव्हती.

आता तारखा लावून बघा. कमिटी १८४६ ची. भोर घाट १८५६ चा. दहा वर्षं. घाटाचा पहिला कॉन्ट्रॅक्टर विल्यम फेविएल, बोरीबंदर-ठाणे लाईन बांधणाऱ्या जोडीतलाच, इंग्लंडात रेल्वेचीच कामं करून आलेला. म्हणजे धोका कसला आहे, माणसं कशाने मरतात, मजुरी अडवली की काय होतं, हे सगळं माहीत असलेले लोक ते सगळं माहीत असताना इथे आले आणि जे तिकडे थोडंफार बोचत होतं ते इथे बोचायचं कारणच उरलं नाही. काळ तसा होता म्हणणाऱ्यांना माझं एवढंच विचारणं आहे, की मग चॅडविक कुठल्या काळातला होता?

घाटातलं काम कसं चालायचं ते जरा जवळून बघितल्याशिवाय ही साखळी कळत नाही. काही कड्यांवर पाय ठेवायलाच जागा नव्हती, तिथे माणसं वरून दोराने खाली सोडायची, लोंबकळत त्यांनी पहारीने खडकाला भोकं पाडायची, बार भरायचा आणि वर ओढून घ्यायचं. त्यात दोर तुटला, हात सुटला, बार आधीच उडाला. पण मोठी संख्या या लोकांची नव्हती, मोठी संख्या होती मातीकामावर, पाटी-कुदळ-फावडंवाल्यांची, आणि तिथे कुटुंबच्या कुटुंब असायचं. बाप खणतो, आई पाटी उचलते, पोरगी लहान टोपली घेऊन मागे. मजुरी बहुतेक मापावर, किती घनफूट खणलं त्यावर. मापासाठी खड्ड्याच्या मधोमध मातीचा एक खांब न खणता तसाच ठेवायचा, म्हणजे मूळ जमीन कुठपर्यंत होती ते दिसतं आणि खोली धरता येते. या खांबावर किती भांडणं झाली असतील कल्पना करा. मजूर रात्रीतून खांबाच्या डोक्यावर दोन बोटं माती चढवून वर गवत रोवतो असा साहेबांचा आरोप, आणि माप घेणारा टेप ढिला धरतो, खड्ड्याचा उथळ कोपराच मोजतो असा मजुराचा. साहेबांचा आरोप त्यांच्या पुस्तकांत छापून आला, मजुराचा कुठे छापणार? टेप कोणाच्या हातात होती एवढंच बघितलं तरी पुरे.

इथे एक किस्सा हमखास सांगितला जातो, हसायला म्हणून. इंग्रजांनी ढकलगाड्या आणल्या, एकचाकी, आणि आपल्या मजुरांनी त्या मातीने भरून डोक्यावर घेतल्या. खरं-खोटं देव जाणे, पण सांगणाऱ्याचा रोख कळतो, बघा कसे अडाणी. यात कोणी हा विचार करत नाही की एकचाकी गाडी चालवायला फळ्यांची सपाट वाट लागते आणि एक दणकट पुरुष लागतो, म्हणजे ती आली की पाटी वाहणाऱ्या बाईचं आणि पोराचं काम गेलं. मापावर मजुरी घेणाऱ्या कुटुंबाला ती गाडी नको होती याला अडाणीपणा म्हणायचा असेल तर मग व्यवहार कशाला म्हणतात?

तर साखळी. कंपनी कॉन्ट्रॅक्टरला घनयार्डामागे दर देते. कॉन्ट्रॅक्टर तेच काम तुकड्या-तुकड्याने कमी दरात खाली देतो. खालचा आणखी खाली. शेवटी मुकादम, जो गावातून माणसं आणतो, उचल देतो, आणि मजुरीही त्याच्याच हातात येते. प्रत्येक पायरीवर थोडी गळती. मजुराला साहेब माहीतच नाही, त्याला मुकादम माहीत. आणि कंपनीला मजूर माहीत नाही, तिला कॉन्ट्रॅक्टर माहीत. कॉलरा आला, छावणीत माणसं पटापट पडायला लागली, उरलेली रातोरात पळाली, आता यातला कोण मेला आणि कोण पळाला हे कोण सांगणार? मुकादमाच्या दृष्टीने दोघांचा अर्थ एकच, उचल बुडाली. कंपनीच्या रिपोर्टात एक ओळ येते की साथीमुळे कामात खंड पडला. खंड पडला! एवढंच.

१८५९ च्या सुरुवातीला हे सगळं फुटलं. मजुरी थकली होती, कापली जात होती, आणि घाटात दंगा झाला, मजूर गोऱ्या कर्मचाऱ्यांवर चालून गेले. चौकशी झाली. पुढे काही आठवड्यांतच फेविएलने कॉन्ट्रॅक्ट सोडलं. त्याच्या जागी सॉलोमन ट्रेडवेल आला, तो भारतात पोचून काम हातात घेतो न घेतो तोच वारला, आणि त्याच्या बायकोने, अ‍ॅलिस ट्रेडवेलने, दोन अनुभवी माणसं नेमून कॉन्ट्रॅक्ट पुरं केलं. अ‍ॅलिसबाईंची गोष्ट हल्ली खूप फिरते, त्या काळात बाईने भोर घाट बांधला वगैरे, आणि बाई धीराची होती यात शंका नाही. पण त्याच घाटात डोक्यावर पाटी घेऊन हजारो बायका चढ-उतार करत होत्या, पोटुशी असताना, तान्हं झाडाच्या सावलीला ठेवून, त्यांच्यातल्या एकीचंही नाव कुठे नाही आणि "बाईने घाट बांधला" म्हणताना त्यांची आठवणही होत नाही कुणाला.

दंग्यानंतर सरकारने काय केलं हे बघण्यासारखं आहे. १८६० मध्ये कायदा आला, रेल्वे, कालवे आणि अशा सार्वजनिक कामांवरचे मजुरीचे तंटे मॅजिस्ट्रेटने झटपट निकालात काढायचे. ऐकायला छान. पण त्याच कायद्यात मजुराने करार मोडला, म्हणजे काम अर्धवट टाकून गेला, की तो फौजदारी गुन्हा. म्हणजे चौदा वर्षांपूर्वी स्वतःच्या देशात मजुराला भरपाई द्या म्हणणारी शिफारस ज्यांनी फायलीत दाबली त्यांनी इथे मजूर पळाला तर त्याला आत टाकायचा कायदा एका वर्षात करून दाखवला. कायदे करायची ताकद नव्हती असं कुणी म्हणू नये. आणि पळून जाणं हेच तर त्या माणसांच्या हातातलं एकमेव हत्यार होतं, पावसाळ्यात शेतीला, साथीत जीव वाचवायला, मजुरी थकली की रागाने. तेवढंही काढून घ्यायचा हा प्रयत्न.

आता एक आक्षेप येतो आणि तो उडवून लावण्यासारखा नाही. लोकं जबरदस्तीने आणलेली नव्हती, गावात बलुत्यावर आणि उरल्यासुरल्यावर जगणाऱ्याला इथे रोख पैसा मिळत होता, रेल्वेच्या कामांमुळे मजुरीचे दरही चढले. हे सगळं मान्य. गावात ज्याला पाटलाच्या वाड्यापुढून चप्पल घालून जाता येत नव्हतं त्याला रेल्वेच्या कामावर कोणाच्या दारात उभं राहावं लागत नव्हतं, याचीही किंमत आहे आणि ती शहरात बसून आपण कमी लेखू नये. पण माणूस स्वखुशीने कामावर आला म्हणून तो मेल्याची नोंद करायची गरज नाही असं कुठल्या न्यायाने ठरतं ते मला अजून कोणी समजावून दिलेलं नाही.

आणि नोंद करता येत होती का? येत होती. युगांडा रेल्वेचं बघा. १८९६ ते १९०१, मोम्बासापासून व्हिक्टोरिया सरोवरापर्यंत, इथून करारावर सुमारे ३२ हजार मजूर नेले, बरेचसे पंजाबातले. त्यातले जवळपास अडीच हजार मेले, हे आपल्याला माहीत आहे, कारण ते सरकारी कायद्याखाली, नावानिशी करार करून परदेशी नेले होते, कागद ठेवणं भागच होतं. तरी गंमत बघा, त्या रेल्वेचं नाव काढलं की लोकांना काय आठवतं, त्सावोचे दोन नरभक्षक सिंह. सिंहांनी खाल्लेले भारतीय मजूर अठ्ठावीसेक. ताप, हगवण, अपघात यांनी त्याच्या कितीतरी पट मारले, पण हगवणीवर कोण गोष्ट लिहिणार.

सुएझचं उदाहरण उलट्या बाजूचं आहे. १८५९ ला कालव्याचं काम सुरू झालं तेव्हा इजिप्तच्या शेतकऱ्यांना वेठीवर आणत, महिन्याला वीसेक हजारांची पाळी. पुढे ओरड झाली आणि वेठ थांबवावी लागली, तर कंपनीनेच नुकसानीचा दावा केला! १८६४ मध्ये फ्रान्सचा सम्राट तिसऱ्या नेपोलियनने लवाद म्हणून इजिप्तने कंपनीला ८ कोटी ४० लाख फ्रँक द्यावेत असा निकाल दिला, त्यातले ३ कोटी ८० लाख निव्वळ वेठीचे मजूर काढून घेतल्याबद्दल. मजूर गेल्याची भरपाई कंपनीला, मजूर मेल्याची कुणालाच नाही. १९५६ मध्ये इजिप्तचा राष्ट्राध्यक्ष नासेरने कालव्याचं राष्ट्रीयीकरण जाहीर करताना सव्वा लाखाच्या आसपास, १ लाख २० हजार, इजिप्शियन मेले असा आकडा सांगितला, कंपनीचे आकडे त्यापेक्षा फारच खाली. आता यातलं खरं काय हे कोण ठरवणार? आकडा वेळेवर लिहिला नाही की पुढे तो राजकारणाचा होतो, जो तो आपल्या सोयीने वर-खाली करतो, भोर घाटाचंही तेच होणार आहे, व्हॉट्सअ‍ॅपवर व्हायला लागलंयच.

पनामा कालव्यावर अमेरिकेने १९०४ ते १९१४ मध्ये निदान मोजले, ५,६०९ मृत्यू. बहुतेक वेस्ट इंडीजहून आलेले काळे मजूर. पगाराच्या याद्या मात्र दोन, गोऱ्यांची सोन्याची, बाकीच्यांची चांदीची. अमेरिकेतच १८६९ ला देशाची दोन टोकं जोडणाऱ्या रेल्वेच्या दोन बाजूंच्या लाईनी जुळल्या तो प्रसिद्ध फोटो आहे, आणि सिएरा नेवाडाचे डोंगर ज्यांनी फोडले ते चिनी मजूर त्यात दिसत नाहीत. दोन वर्षं आधी त्यांनी पगारासाठी संप केला होता तेव्हा कंपनीने त्यांचं रेशन तोडून तो मोडला. तिकडच्या श्रम खात्याने त्यांना सन्मानाच्या यादीत घेतलं ते २०१४ मध्ये.

आपल्याकडे तर सन्मान राहिला बाजूला. मातीकाम आणि दगडकाम पिढ्यान्‌पिढ्या करणारे वडार, विहिरी, तळी, बांध, आणि मग रेल्वेचे भराव आणि कालवे, ज्या हातांशिवाय दख्खनमधलं एकही मोठं काम उभं राहिलं नसतं. बैलांच्या तांड्यावर मीठ-धान्य वाहणारे लमाण, ज्यांचा धंदा रेल्वेनेच बसवला. महाराष्ट्राच्या विमुक्त जातींच्या यादीत आज हे दोन्ही आहेत. विमुक्त म्हणजे १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याच्या जाचातून १९५२ ला सुटलेले. एका हाताने त्यांच्याकडून भराव घालून घेतला आणि दुसऱ्या हाताने पोलिसात हजेरी लावायला लावली, आणि हजेरी मात्र चोख लिहिली, ते रजिस्टर कधी हरवलं नाही.

कालव्यांचा हिशोब तर अजून कडू आहे. नीरा डावा कालवा, ज्याच्यावर बारामतीकडचा ऊस उभा राहिला, तो १८७६ च्या दुष्काळात दुष्काळी काम म्हणून सुरू झाला. त्या दुष्काळात सरकारने पाठवलेल्या सर रिचर्ड टेंपल या अधिकाऱ्याने खर्च वाचवायला मजुरी आणली दिवसाला एक पौंड धान्याची किंमत आणि वर एक आणा इथपर्यंत. एक पौंड म्हणजे अर्धा किलोही नाही, आणि ते उन्हात खडी फोडणाऱ्याला. पुण्याच्या सार्वजनिक सभेने, सार्वजनिक काकांनी (गणेश वासुदेव जोशी), यावर अर्ज-निवेदनांचा सपाटा लावला, आणि १८७७ च्या जानेवारीत हजारो दुष्काळी मजूर कामं सोडून चालते झाले. भुकेलेला माणूस संप करतो हे सरकारला पटेचना, त्यांना वाटलं कोणीतरी शिकवलंय. आज त्या कालव्याचं पाणी किती टीएमसी आणि कोणाला किती यावर आमदार-खासदार भांडतात, हे पाणी वाहतं ती चारी कोणी अर्ध्या पोटी खणली यावर कुणी भाषण केल्याचं मी तरी ऐकलेलं नाही.

लोकांची स्मृती पण अजब असते. खंडाळ्याच्या घाटात शिंग्रोबाचं देऊळ आहे, जुन्या हायवेवरून जाणारे ट्रकवाले तिथे नाणं टाकल्याशिवाय पुढे जात नाहीत. लोककथा अशी की शिंग्रोबा धनगराने साहेबाला घाटातून वाट दाखवली आणि बक्षीस म्हणून गोळी मिळाली. कथा आहे, पुरावा मागू नये. पण लोकांना कुठेतरी ठाऊक होतं की या वाटेचं देणं फिटलेलं नाही, म्हणून तर नाणं टाकतात. एका नावाला देऊळ मिळालं. घाटातल्या मजुरांना नावंच नाहीत तर देऊळ कुणाचं बांधणार? इंग्लंडात ऑटली गावच्या चर्चच्या आवारात ब्रॅमहोप बोगद्यात मेलेल्या चोवीसेक मजुरांचं स्मारक आहे, बोगद्याच्या तोंडाची दगडी प्रतिकृती, १८४० च्या दशकातल्या कामाची. म्हणजे मनात असलं की तेव्हाही होत होतं. आपल्याकडे कोकण रेल्वेने रत्नागिरीत श्रमशक्ती स्मारक उभारलं, हे चांगलं केलं, तेव्हा जमतं हे इथेही सिद्ध झालंय.

पण नुसत्या स्मारकावर माझं समाधान नाही. स्मारक मेल्यावरचं. मला रजिस्टर हवंय. ३१ जुलै आणि १ ऑगस्ट २०२३ च्या मधल्या रात्री शहापूरजवळ समृद्धी महामार्गाच्या पुलाच्या कामावर गर्डर लाँचर कोसळून २० जण मेले, बहुतेक परराज्यातले. बातमीत पहिले दोन दिवस काय चाललं होतं आठवा, हे नेमके कोणत्या कंपनीचे, मुख्य ठेकेदाराचे की खालच्या ठेकेदाराचे. त्याच नोव्हेंबरात उत्तराखंडात सिल्क्यारा बोगद्यात ४१ जण १७ दिवस अडकले, मशीन तुटलं, आणि शेवटचा टप्पा हाताने खणून बाहेर काढलं ते दुसऱ्या मजुरांनीच, रॅट होल मायनर्सनी. ती माणसं वाचली म्हणून देशाला त्यांची नावं कळली. एकेकटा मरतो त्याचं काय? सळई पोटात गेलेला, खड्ड्यात गाडला गेलेला, मिक्सरच्या शॉकने गेलेला. ठेकेदार गावाकडे बॉडी पाठवायला गाडी करून देतो, हातावर थोडे पैसे ठेवतो, आणि साईट दुसऱ्या दिवशी चालू.

कायदा नाही असं नाही. १९२३ च्या कामगार भरपाईच्या कायद्यानेच सांगितलं होतं की ठेकेदाराच्या मजुरालाही मूळ मालक जबाबदार. पण भरपाई मागायला आधी तो माणूस त्या साईटवर कामाला होता हे दाखवावं लागतं आणि हजेरी मुकादमाच्या खिशातल्या वहीत, नाहीतर आता मुकादमाच्या मोबाईलमध्ये. १८६१ ला हजेरी होती ४२ हजारांची आणि मृत्यूची नोंद नव्हती, आज तेवढंही नाही, कारण खालच्या तिसऱ्या-चौथ्या ठेकेदाराच्या माणसांची हजेरीसुद्धा मूळ मालकाच्या कागदावर येत नाही. उद्या कुणी विचारलं की या हायवेवर, या मेट्रोवर, या धरणावर एकूण किती माणसं गेली, तर किलोमीटर सांगतील, कोटी सांगतील, सिमेंट किती लागलं तेही सांगतील.

म्हणून मागणी छोटी आहे. कुठल्याही सरकारी प्रकल्पाच्या बोर्डावर जिथे खर्च, मुदत आणि मंत्र्यांची नावं लिहिता तिथेच किंवा वेबसाईटवर कामावर मेलेल्या आणि कायमचं अपंगत्व आलेल्या प्रत्येकाचं नाव, गाव आणि भरपाई मिळाली की नाही हे लिहायचं, पार खालच्या ठेकेदाराच्या माणसासकट. हे रजिस्टर जमा केल्याशिवाय मुख्य कॉन्ट्रॅक्टरचं फायनल बिल पास करायचं नाही. यावर ठेकेदार मंडळी म्हणतील की प्रत्येक माणसाचा हिशोब ठेवायचा म्हटलं तर कामं रखडतील, खर्च वाढेल, आणि पर्डनसाहेबाने कमिटीपुढे जवळजवळ हेच सांगितलं होतं. वाढला तर वाढू दे खर्च. टेंडरमध्ये सिमेंटच्या ग्रेडपासून बोर्डाच्या रंगापर्यंत शंभर अटी घालता येतात तिथे ही एक अट घालायला नवा कायदाही लागत नाही, खात्याने ठरवलं तर पुढच्याच टेंडरला घालता येईल.